टोकणारी

सुझुएने नेहमीसारखा उलट्या हाताचा फटका तोकुजीच्या छातीवर मारला, समोरची तीसेक म्हातारी माणसं खदखदून हसली, आणि त्याच क्षणी तिच्या बोटांना त्याचं काळीज लागलं. ते धडधडत होतं. बाजारात हातातलं मूल सुटलं की आईचं धडधडेल तसं. एकेचाळीस वर्षं ती हा फटका मारत आली होती. ओसाकातल्या लहानमोठ्या नाट्यगृहांत, गावोगावच्या जत्रांत, आणि गेली सहा वर्षं दर मंगळवारी सकाळी अकरा वाजता या हिदामारी नावाच्या म्हाताऱ्यांच्या केंद्रात. फटका तरी कसला, आवाज मोठा आणि लागायचं काहीच नाही, त्यातलं कसब तेवढंच. हाताला कोट लागायचा, कोटाचं बटण लागायचं, कधी खिशातलं चष्म्याचं घर लागायचं. काळीज कधी लागलं नव्हतं. तोंडाने तिने पुढचं वाक्य बिनचूक टाकलं, पण हात तिथेच घुटमळला.

दोघांनी एका माइकसमोर उभं राहायचं, एकाने वेड्यासारखं काहीतरी बोलायचं आणि दुसऱ्याने त्याला तिथल्या तिथे टोकायचं, एवढीच मान्झाई. तोकुजी वेंधळा, त्याची बायको सुझुए टोकणारी. त्या दिवशी आगगाडीच्या तिकिटाचा जुना प्रसंग रंगात आलेला असताना तोकुजी मध्येच थांबला आणि दाराकडे बघून म्हणाला, "आमची आई बाहेर उभी आहे. तिला आत घ्या कुणीतरी, गारठा आहे." हे ठरलेलं नव्हतं. पण न ठरलेलं बोलणं ही त्याची जुनी खोड, आणि ते झेलणं हा तिचा धंदा. ती म्हणाली, "अरे, तुझ्या आईला जाऊन तीस वर्षं झाली. ती आत आली तर आम्ही सगळे बाहेर पळू." पहिल्या रांगेतल्या हामागुची आजी, ज्यांचं बोलणं झटका आल्यापासून गेलेलं होतं, त्यासुद्धा खांदे गदागदा हलवत हसल्या. केंद्रातली नर्स हसण्याच्या आधी आणि नंतर सगळ्यांचा रक्तदाब मोजून तक्त्यात लिहायची, आणि हसण्याने तो कसा उतरतो हे येणाऱ्याजाणाऱ्याला दाखवायची. हसवणाऱ्यांचा रक्तदाब मात्र आजवर कुणी मोजला नव्हता.

कार्यक्रम संपल्यावर घडीच्या खुर्च्या ठेवायच्या खोलीत दोघं कपडे बदलत होती. तोकुजीने निळा कोट काढला, नीट घडी घातली, आणि हळूच, कुणी ऐकू नये अशा आवाजात विचारलं, "मग आईला घरी कोण घेऊन गेलं?" समोर प्रेक्षक नव्हते, माइक नव्हता. सुझुएने त्याच्याकडे पाहिलं. त्याच्या तोंडावर वेंधळ्याचा तो ठरावीक बावळट भाव नव्हता. एका चौऱ्याहत्तर वर्षांच्या माणसाचा दमलेला, काळजीत पडलेला चेहरा होता. तिला टोकताच आलं नाही. "मिनोरीने नेलं," ती म्हणाली. मिनोरी त्यांची मुलगी, राहायची नागोयाला. त्याने सुटकेचा श्वास टाकला आणि चपला घालायला वाकला. सुझुए खुर्चीच्या पाठीला धरून उभी राहिली. आपण किती दिवस याला हसतोय, हा प्रश्न तिला तिथे पडला आणि मग तो घरापर्यंत तिच्या सोबत चालत आला.

उत्तर घरातच होतं, तिच्याच अक्षरात. सुझुएला सवय होती. तोकुजी दिवसभरात जे काही वेडंवाकडं बोलेल, करेल, ते चौकटींच्या शाळकरी वहीत तारीख घालून टिपून ठेवायचं, आणि पुढेमागे प्रयोगात वापरायचं. चांगलं असेल तर लाल पेन्सिलीने एक वर्तुळ, फारच चांगलं असेल तर दोन. अशा सत्तावीस वह्या कपाटात होत्या. अठ्ठाविसावी ती त्या दुपारी ओट्यापाशी उभ्या उभ्या वाचू लागली. फेब्रुवारीपर्यंत वही नेहमीसारखी, आठवड्याला एखादं वर्तुळ. मार्चपासून लाल रंग वाढत गेलेला. घरातल्या चपला फ्रिजमध्ये. विचारलं तर म्हणे, उन्हाळा येतोय, पायाला गार लागतील. दोन वर्तुळं. जवळच्याच कोमागावाच्या बाजारातून घरी यायला अडीच तास. म्हणे, बाजार लांबला. दोन वर्तुळं. आंघोळीच्या पाण्यात उतरला तो मोजे घालून. म्हणे, त्यांनाही बरं वाटू दे. दोन वर्तुळं, आणि शेजारी तिने स्वतःच्या हाताने लिहिलं होतं: म्हातारपणी याला काय बहर आलाय. आठ महिने ती आपल्या नवऱ्याचं विसरणं टिपून घेत होती, त्याला शाबासकी देत होती, आणि दर मंगळवारी ते लोकांसमोर मांडून हशा घेत होती. साऱ्या ओसाकात अशी चूक करणारी बाई ती एकटीच असेल, असं तिला वाटलं आणि ओट्यावरच्या पाण्याने वहीचा कोपरा भिजला तरी तिने वही उचलली नाही.

आणि हे तरी कसं कळावं? माणूस मुळातच असा. ती सत्तावीस वर्षांची असताना तेन्नोजीजवळच्या एका लहानशा नाट्यगृहाच्या तिकीटखिडकीत बसायची. तेव्हा तोकुजीचा जोडीदार त्याला सोडून आपल्या वडिलांच्या शिंपल्यांच्या धंद्यात गेला होता आणि हा तीन दिवस खिडकीसमोरून नुसता येरझारा घालत होता. चौथ्या दिवशी तिला राहवलं नाही. शर्टाची बटणं चुकलीत, बुटाची नाडी सुटलीय, आणि तोंडात आहे ती सिगारेट नसून पेन्सिल आहे, असं तिने एका दमात सुनावलं. तो खिडकीशी आला, काचेला नाक लावून म्हणाला, हेच, अगदी याच आवाजात, संध्याकाळी सात वाजता म्हणाल का? ती म्हणाली. ती आजतागायत म्हणत होती. लग्नाची मागणीसुद्धा त्याने घातली ती प्रयोगात, आणि तिने त्याला इतक्या जोरात टोकलं की लोकांना तो खेळाचाच भाग वाटला. होकार तिने मागाहून, उडोन शेवयांच्या दुकानात, वाडग्यात मान घालून दिला होता. प्रेमाचं बोलणं त्या घरात कधी झालंच नाही. तो काहीतरी चुकायचा, ती टोकायची, की झालं, दिवस गोड व्हायचा. इतर बायका नवऱ्याला जेवायला वाढून माया करतात, सुझुए त्याची चूक काढून करायची.

ती तोकुजीला घेऊन गेली तो ओबाता डॉक्टर चाळिशीतला, मृदू बोलणारा होता. त्याने विचारलं, हे कधीपासून? सुझुएने पिशवीतून वही काढून त्याच्यापुढे ठेवली. इतकं तारीखवार टिपण कुठल्याच घरातून येत नाही, असं म्हणून तो कौतुकाने पानं उलटू लागला. चपलांपाशी त्याच्या ओठाचा कोपरा हलला. मोज्यांपाशी तो फस्सकन हसला. मग त्याने चष्मा काढला, खाली ठेवला, आणि माफ करा म्हणाला. सुझुएला त्याचा राग आला नाही. उलट आपल्या माणसाचा विनोद डॉक्टरच्या टेबलावरसुद्धा पडला नाही, याचा तिला क्षणभर अभिमान वाटला आणि लगेच त्या अभिमानाची लाज वाटली. बाहेर बाकावर तोकुजी शेजारच्या बाईला आपण दोघं इथे लग्नाची नोंद करायला आलोय असं सांगत होता. डॉक्टरने जे समजावलं त्यातलं तिच्या लक्षात एकच राहिलं. त्यांना टोकू नका. ते म्हणतील त्याला हो म्हणा. चूक दाखवली की अशी माणसं घाबरतात. तिने मान हलवली. त्या वेळी तिला आठवत होतं ते बोटांना लागलेलं काळीज.

त्या दिवसापासून सुझुए हो म्हणू लागली. तोकुजी सकाळी म्हणाला, आज नाट्यगृहात लवकर जायचंय, ती म्हणाली हो. तो म्हणाला हे सूप माझ्या बहिणीने केलंय ना, ती म्हणाली हो. केंद्र चालवणाऱ्या कुरिमोतोबाईंना तिने फोन करून सांगितलं की यांचा घसा धरलाय, काही दिवस जमणार नाही. हो म्हणणं वाटतं तितकं सोपं नसतं. चार दशकं जी जीभ त्याचं वाक्य संपायच्या आत उडी मारायला टपलेली, ती दातांमागे दाबून ठेवताना तिचा जबडा दुखायचा; भांडी घासता घासता ती टोकायची वाक्यं नळाच्या पाण्यात पुटपुटून टाकायची. आणि तोकुजी खरोखरच शांत झाला. घाबरणं थांबलं. ओबाता डॉक्टरला बरं वाटलं. मिनोरीने फोनवर ऐकून आई, तू फार धीराची, असं म्हटलं आणि नागोयाला त्यांच्या घराजवळ एक चांगली जागा आहे, दोन महिन्यांत खोली रिकामी होईल, तोवर विचार करून ठेव, असंही म्हटलं. मुलीचं चूक नव्हतं, डॉक्टरचंही नव्हतं. पण शांत झालेला तोकुजी दिवसेंदिवस सभ्य होत चालला होता. आधी तो चहा दिला की घ्यायचा. मग चहा दिला की धन्यवाद म्हणू लागला. मग चहा दिला की खुर्चीवरून अर्धवट उठून, कमरेत वाकून, तुम्हाला उगाच त्रास, असं म्हणू लागला. एकदा दुपारी कपड्यांच्या घड्या घालताना तिला जाणवलं की तो तिच्याकडे पाहतोय, एखाद्या नव्या जागी उतरलेला पाहुणा घरमालकिणीकडे पाहतो तसा, आपलं काही चुकत तर नाही ना अशा बेताने. तिच्या हातात त्याचाच बनियन होता. तिला वाटलं, हा बनियन त्याच्या तोंडावर फेकावा आणि म्हणावं, अरे मूर्खा, मी. पण तिने बनियनची घडी घातली आणि त्याला विचारलं, चहा घेणार का.

तिला तिच्या बापाची आठवण येऊ लागली. किशिवादाला मासळीच्या धक्क्यावर तो हमाली करायचा, आणि बोलायचा म्हणजे शिव्याच द्यायचा. तो शेवटचा आजारी होता तेव्हा त्याने सुझुएला विचारलं होतं, काय गं, मला कुणी शिवी का देत नाही आता, एवढा आजारी आहे का मी? तेव्हा ती हसली होती. आता दिवसा उजेडी, बाजारातून मुळे आणताना, ते वाक्य तिच्या पायात आल्यासारखं झालं आणि ती भाजीवाल्याच्या फळकुटापाशी थांबली. भाजीवाला म्हणाला, काय सुझुएबाई, आज आमच्या मुळ्यांना नावं नाही ठेवलीत, बरं नाही वाटत का? ती म्हणाली, मुळे चांगले आहेत. भाजीवाल्याने काळजीने तिच्याकडे पाहिलं आणि एक मुळा जास्तीचा दिला.

नोव्हेंबरच्या शेवटी कुरिमोतोबाई स्वतः घरी आल्या. तोकुजीला पाहून त्यांना घशाचं सगळं कळलं असावं, पण त्या त्याबद्दल काही बोलल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या की हामागुची आजी मंगळवारी अकराला खुर्ची माइकच्या दिशेने वळवून घेतात आणि जेवणापर्यंत तशाच बसतात. सुझुएने ठरवलं, एकदा जायचं, सगळ्यांचा निरोप घ्यायचा आणि मग मिनोरीला हो कळवायचं. बोलायचं तिने एकटीने. तोकुजीने नुसतं शेजारी उभं राहायचं. तो काही बोललाच तर तिने हो म्हणायचं आणि हात धरून त्याला खाली बसवायचं. इतकं पाठांतर तिने पहिल्या प्रयोगालासुद्धा केलं नव्हतं.

मंगळवारी तिने त्याला निळा कोट चढवला, बटणं लावली. तो हात वर करून मुकाट उभा राहिला आणि धन्यवाद म्हणाला. केंद्रात तीच तीसेक माणसं, तोच तक्ता घेऊन नर्स, स्वयंपाकघरातून मिसो सुपाचा वास. माइकसमोर उभं राहून सुझुएने नमस्कार केला, थंडीबद्दल दोन वाक्यं बोलली, आणि निरोपाचं काढणार तोच तोकुजी माइककडे झुकला. त्याने आधी प्रेक्षकांना वाकून नमस्कार केला, मग तिला, तितकंच वाकून. "माफ करा," तो म्हणाला, "आमची मंडळी अजून पोचली नाही. ती आल्याशिवाय मला सुरू करता यायचं नाही."

माणसं हसली. ती हसणारच. वाक्याचा तोल, मधली उसंत, सगळं जागच्या जागी होतं. फक्त सुझुएला दिसत होतं की तो खरंच दाराकडे पाहतोय. तिच्या उजव्या हातात सणक आली आणि तिने तो हात डाव्या हाताने घट्ट धरला. तोंडात चार वाक्यं आली, चारही चांगली होती, ती तिने गिळली. "बरं," ती म्हणाली. "येतील त्या. आपण थांबू या."

हशा विझला. असा उत्तर नसलेला कोरडा क्षण एकेचाळीस वर्षांत त्या दोघांच्यात कधी आला नव्हता. कुणीतरी खोकलं. नर्सने तक्ता खाली केला. तोकुजी तिच्याकडे बघत राहिला. आधी सभ्यपणे, मग जरा अस्वस्थ होऊन, मग त्याच्या भुवया जवळ आल्या. कानाला न पटणारं काहीतरी ऐकल्यावर जुना वाजंत्री ज्या नजरेने सोबत्याकडे बघेल, तशी ती नजर होती. आणि त्याचा हात वर आला, उलटा, आणि तिच्या खांद्याखाली फट्कन बसला. आवाज मोठा, लागलं काहीच नाही.

"थांबू या काय म्हणता?" तो म्हणाला. "माणसं बसलीत समोर. त्यांच्याकडे कुठे वेळ आहे?"

तीसेक माणसांच्या तोंडून एकदम जो आवाज निघाला तो हसण्याच्या बराच पलीकडचा होता. ऐंशीच्या पुढची सगळी, त्यांनाच तर तो म्हणत होता. एक आजोबा टाळ्या पिटू लागले. टोकणारीची आपली जागा गेली हे सुझुएला कळलं, आणि उरलेली जागा कुठली हेही कळलं. वेंधळ्याची. तिने ती आयुष्यात कधी केली नव्हती. तिने तोंड उघडलं आणि पहिलं जे आलं ते म्हणाली, "बरोबर आहे. आपण दोघं कोबेची, तिथे लोक असेच थांबतात."

"कोबे कुठलं? मी इथला, तू किशिवादाची. बापाच्या कोटाला बांगड्याचा वास यायचा तुझ्या."

तिला श्वास घ्यायला वेळ नव्हता. मान्झाईत तो नसतोच. "आपलं लग्न भर उन्हाळ्यात झालं," ती म्हणाली.

"फेब्रुवारीत. बर्फ पडला होता. तुझी मावशी देवळाच्या पायरीवर घसरली आणि फोटोत एकटीच आडवी आहे."

हे गेल्या कित्येक आठवड्यांत त्याला विचारून आठवलं नव्हतं. डॉक्टरने विचारलं होतं, मिनोरीने विचारलं होतं, लग्न कधी झालं, कुठे झालं. तो नुसता ओशाळून हसायचा. विचारलं की त्याच्यापाशी काही नसायचं. चुकीचं सांगितलं की मात्र त्याच्यातला कुणीतरी तरातरा उठून येत होता. सुझुए चुकत राहिली. त्याला पोहता येतं म्हणाली, तो म्हणाला टबात बुडतो मी. आपण कधी भांडलो नाही म्हणाली, त्याने हात वर करून प्रेक्षकांना सांगितलं की हिने एकदा भाताच्या कालथ्याने मारलंय. हामागुची आजी डोळे पुसत होत्या. मग ती म्हणाली, "आपल्याला दोन मुलगे," आणि तो थांबला.

"मुलगी," तो म्हणाला. "एकच." नाव आलं नाही. त्याने ते शोधलं, ओठ दोनदा हलले, आणि सुझुएच्या जिभेवर ते नाव टोचत असताना तिने ते दिलं नाही. "ती भात गार करून खाते," तो शेवटी म्हणाला. "लहानपणापासून. कितीही सांगा." कुणी हसलं नाही, पण माना हलल्या. तिथल्या प्रत्येकाच्या घरी असं एखादं पोर असणार.

दहा मिनिटं होऊन गेली होती. कुरिमोतोबाई दाराशी उभ्या होत्या, त्यांनी घड्याळाकडे पाहिलं नाही. सुझुएला आता काहीही ठरवता येत नव्हतं. समोर प्रेक्षक आहेत हेही ती जवळजवळ विसरली होती. पुढचं वाक्य तिने केलं नाही, ते तिच्या तोंडून बाहेर पडलं. "आणि खरं सांगायचं तर," ती म्हणाली, "हा माणूस मला कधीच आवडला नाही."

तोकुजीने तिच्याकडे पाहिलं. त्या पाहण्यात ओळख होती की नव्हती, हे सुझुएला त्या वेळी सांगता आलं नसतं आणि नंतरही आलं नाही. मग तो सावकाश माइककडे वळला, समोरच्या माणसांना विश्वासात घेतल्यासारखा पुढे झुकला आणि म्हणाला, "हिचं काही ऐकू नका. ही मघापासून सगळं उलटंच सांगतेय."

मोठा हशा झाला, आणि सुझुए म्हणाली, "हो."